मिनिटभराची शांतता

"पण तिलाच का सांगितलंत?"

मेनेलाओसनं पुन्हा तेच विचारलं. आल्यापासून तो एवढंच विचारत होता.

गेरोंदा अवाकूम ऑलिव्ह ठेचत होते. त्यांनी परातीतलं एक हिरवं ऑलिव्ह उचललं, पाटावर ठेवलं आणि वरून चपटा दगड हाणला. टक्. साल फुटली, आतली बी शाबूत राहिली. ते ऑलिव्ह त्यांनी शेजारच्या बादलीत टाकलं आणि दुसरं उचललं.

"गेरोंदा, मी काहीतरी विचारतोय."

"ऐकतोय की."

टक्.

ग्रीस देशात म्हाताऱ्या साधूला गेरोंदा म्हणतात. आपल्याकडे बाबा म्हणतात ना, तसंच. हे गेरोंदा एजियन समुद्रातल्या एका लहानशा बेटावर, चढाच्या अगदी टोकाला, एका खोलीच्या मठात एकटेच राहायचे. सोबतीला चार कोंबड्या. खाली बोटीचा धक्का होता, आणि खिडकीतून समोर दिसायचं ते दुसरं, ओसाड बेट.

त्या ओसाड बेटावर एके काळी तुरुंग होता. देशात लष्करी कर्नलांची हुकूमशाही असताना सरकारविरुद्ध बोलणाऱ्यांना तिथं आणून डांबायचे. गेरोंदा तेव्हा साधू नव्हते. सक्तीच्या भरतीत धरून आणलेलं विशीतलं पोर होते ते, आणि कैद्यांची ने-आण करणाऱ्या बोटीवर त्यांची नेमणूक होती.

एवढं त्यांच्याबद्दल पुरे. आता हा मेनेलाओस द्रागानिस कोण, ते सांगायला हवं, कारण त्याला स्वतःला वाटायचं की सांगायची गरजच नाही. सगळे आपल्याला ओळखतात.

आणि खरंच ओळखायचे हो. बंदरातल्या एका फाटक्या वर्तमानपत्रात बातमीदार म्हणून त्यानं सुरुवात केली. गळक्या बोटी माणसांनी भरून समुद्रात सोडणाऱ्या एका बड्या मालकाविरुद्ध लिहिलं, त्यापायी मार खाल्ला आणि पट्टी बांधलेल्या डोक्यानं पुढची बातमीही लिहिली. मग टीव्हीवर गेला. मग नोकरी सोडून स्वतःचे माहितीपट काढू लागला. पोलिसांवर काढले, बुडालेल्या बँकांवर काढले, समुद्रातून वाहून आलेल्या निर्वासितांवर काढले. मंत्र्यांना त्यानं घाम फोडला. खटले अंगावर घेतले. माणूस भित्रा नव्हता, हे त्याच्या शत्रूंनीही कबूल केलं असतं.

त्याच्या प्रत्येक माहितीपटात तो स्वतः असायचा. खिशात हात घालून चालणारा, आणि वरून त्याचा तो भरदार आवाज. आवाज असा की टॅक्सीत बसून नुसता पत्ता सांगितला तरी ड्रायव्हर मागे वळून बघायचा.

हा आवाज त्याला फार आवडायचा. इतरांपेक्षा जरा जास्तच.

असा माणूस चढ चढून, धापा टाकत, कॅमेऱ्याच्या दोन बॅगा दोन खांद्यांना अडकवून गेरोंदांच्या दारात आला होता. कशासाठी? तर पोटात दुखत होतं म्हणून. औषधानं जाईल असं दुखणं नव्हतं ते.

दुखण्याचं नाव फोतिनी.

फोतिनी मारकू पूर्वी त्याच्याकडे ध्वनिमुद्रणाचं काम करायची. काठीला बांधलेला माईक धरून उभी राहायची, कानाला हेडफोन, तोंडात चकार शब्द नाही. दहा-अकरा वर्षांपूर्वी मेनेलाओस ह्याच मठात आला होता तेव्हा तीही सोबत होती. तुरुंगाच्या बेटावर माहितीपट काढायचं हे त्याचं तरुणपणापासूनचं स्वप्न. त्या तुरुंगातून लाम्ब्रोस नावाच्या एका विद्यार्थ्याला दवाखान्यात न्यायला म्हणून बोटीत घातलं होतं, आणि तो दवाखान्यात कधी पोचलाच नाही. सरकारी कागदात लिहिलं होतं, पोरानं समुद्रात उडी मारली. त्या बोटीवरचा जिवंत असलेला शेवटचा माणूस म्हणजे गेरोंदा अवाकूम. त्यांना मेनेलाओसनंच हुडकून काढलं होतं. त्यात खोटं काही नाही.

त्यानं प्रश्न विचारले. गेरोंदा गप्प राहिले. मेनेलाओसचा माहितीपट निघाला, टीव्हीवर लागला, लोकांनी बरा म्हटला. पण मधोमध भोक राहिलं ते राहिलंच.

ते भोक यंदा फोतिनीनं बुजवलं. तिच्या माहितीपटात गेरोंदा सांगतात की लाम्ब्रोसनं उडी मारली नाही, त्याला ढकललं, मी तिथं होतो आणि मी काही बोललो नाही. चित्रपटगृहात लाम्ब्रोसची म्हातारी बहीण बसली होती. ते वाक्य ऐकून ती उठून उभी राहिली आणि संपेपर्यंत उभीच होती. मग सगळं सभागृह उभं राहिलं. वर्षातलं सगळ्यात मोठं बक्षीस फोतिनीला मिळालं.

मेनेलाओस त्या सभागृहात होता. टाळ्या त्यानंही वाजवल्या, पण हात असे जड झाले होते म्हणता, की शेजारच्याला वाटलं याला बरं नाही.

तेव्हापासून त्याला झोप नव्हती. तिचा माहितीपट तो पुनःपुन्हा बघून आला, दरवेळी वेगळ्या चित्रपटगृहात, टोपी कपाळावर ओढून, मागच्या रांगेत. चुका शोधायला जायचा. एका दृश्यात मागची खिडकी उन्हानं पांढरीफटक झाली होती. ती सापडली तेव्हा त्याला दोन दिवस जरा बरं वाटलं. बाकी काही सापडलं नाही. उलट सगळी वाक्यं पाठ झाली. दाढी करताना आरशासमोर गेरोंदांचं बोलणं त्याच्या ओठांवर यायचं आणि तो चिडून नळ मोठा सोडायचा.

वर लोक. "अहो, तुमची ती फोतिनी. काय काम केलंय पोरीनं." तुमची. हा शब्द ऐकला की त्याच्या अंगाचा तिळपापड व्हायचा.

आणि सगळ्यात जिव्हारी काय लागलं असेल, तर बक्षीस घेताना ती व्यासपीठावरून म्हणाली होती, "ऐकायचं कसं, ते मी मेनेलाओसच्या हाताखाली शिकले."

सगळ्यांनी माना वळवून त्याच्याकडे कौतुकानं पाहिलं होतं. त्यानं मात्र ठरवून टाकलं, की हा टोमणा आहे. भर सभेत मारलेला.

तर असा हा जळून खाक झालेला माणूस गेरोंदांसमोर बसला होता, आणि गेरोंदा ऑलिव्ह ठेचत होते. हिरवं ऑलिव्ह कडू असतं. ते असं फोडून, पाणी बदलत बदलत कडूपणा काढला, की मग मिठाच्या पाण्यात लोणचं घालता येतं.

"तिलाच का?" मेनेलाओस म्हणाला.

"तिनं विचारलं."

"मीसुद्धा विचारलं होतं. पानभर प्रश्न लिहून आणले होते मी."

"आठवतंय." टक्. "चांगले होते प्रश्न."

"मग?"

...

"मग मला का नाही सांगितलंत?"

गेरोंदांनी ऑलिव्ह उजेडात धरून पाहिलं. "तू अथेन्सला वकील बघायचा सोडून इथं का आलास, ते सांग आधी."

म्हणजे यांना माहीत होतं. मेनेलाओसचे कान लाल झाले.

माहितीपट काढणाऱ्यांची एक संघटना आहे, तिच्याकडे त्यानं तक्रार केली होती. साक्षीदार माझा, शोध माझा, पत्ता माझा. ही बाई माझ्याकडे पगारावर माईक धरत होती आणि माझा माल उचलून स्वतःच्या नावावर खपवला. सुनावणी उद्या दुपारी होती. तक्रार मान्य झाली की बक्षीस परत, आणि पुढच्या आठवड्यात देशभर टीव्हीवर लागणार होता तो माहितीपट बंद. तक्रारदार हजर राहिला नाही तर तक्रार रद्द. आज संध्याकाळच्या बोटीनं निघालं तरच सुनावणीला पोचता येणार होतं. त्यानंतरची बोट थेट परवा.

हे सगळं त्यानं गेरोंदांना सांगितलं. आवाज लावून सांगितलं, जसा माहितीपटात सांगायचा.

"मला फक्त एक वाक्य हवंय," तो म्हणाला. "कॅमेऱ्यासमोर. की मेनेलाओस द्रागानिस माझ्याकडे आधी आला होता, आणि साक्षीदार त्याचा होता. बस. यात खोटं आहे का काही?"

"नाही."

"मग म्हणाल?"

"म्हणतो. लाव तुझं यंत्र."

मेनेलाओसला हे अपेक्षित नव्हतं. भांडायची तयारी करून आलेला माणूस. समोरून असं सरळ उत्तर आलं की तोल जातो.  त्यानं घाईघाईनं बॅगा उघडल्या.

पूर्वी त्याच्या हाताखाली चार माणसं असायची. हल्ली कुणी टिकत नसे. त्यानं स्वतःच कॅमेऱ्याची तिवई उभी केली, स्वतःच माईक लावला, स्वतःच हेडफोन चढवले. गेरोंदांना खिडकीपासून जरा सरकून बसायला सांगितलं, कारण मागची खिडकी पांढरीफटक व्हायला नको होती.

"संघटनेच्या लोकांना सांगायला विसरू नका," कॅमेऱ्यातून बघत तो म्हणाला, "की ती तेव्हा फक्त माईक धरून होती."

"बरं."

"फक्त."

"बरं, बाळा."

कॅमेऱ्यावरचा लाल दिवा लागला. गेरोंदांनी दगड बाजूला ठेवला, हात मांडीवर घेतले.

"ते शांततेचं नाही करायचं?" त्यांनी विचारलं.

"काय?"

"मागच्या वेळी केलं होतंस. सगळ्यांना गप्प बसवलं होतंस."

मेनेलाओसला हसू आलं. हे त्याच्या धंद्यातलं. बोलणं मुद्रित करतात, तसंच त्या जागेची नुसती शांतताही मिनिटभर मुद्रित करून ठेवावी लागते. कारण कुठलीच शांतता मुकी नसते. स्वयंपाकघराची वेगळी, कोठडीची वेगळी. पुढे बोलण्याचे तुकडे जोडताना मधे तीच शांतता भरावी लागते, नाहीतर सांधे ऐकू येतात. म्हणून मिनिटभर सगळ्यांनी श्वाससुद्धा बेतानं घ्यायचा. ह्या बाबतीत मेनेलाओस फार कडक. एकदा एका मंत्र्याला त्यानं खोकू दिलं नव्हतं, आणि ती गोष्ट तो वर्षानुवर्षं रंगवून सांगायचा.

"करायचं तर," तो म्हणाला. "आधीच करून टाकू. मिनिटभर हं, गेरोंदा. अजिबात बोलायचं नाही."

त्यानं डोळे मिटले.

...

हेडफोनमधून खोली कानात आली. दाराची कडी वाऱ्यानं हलत होती. बाहेर कोंबडी माती उकरत होती. खाली समुद्राची एकसारखी कुजबुज, आणि दोन म्हाताऱ्यांचे दोन श्वास. एक सावकाश. दुसरा, त्याचा स्वतःचा, अजून चढ चढत असल्यासारखा.

...

"त्या मुलाच्या पायात..." गेरोंदा म्हणाले.

मेनेलाओसचा तळवा आपोआप वर गेला. "शू."

गेरोंदा थांबले.

...

मेनेलाओसनं डोळे उघडले. हात अजून वरच होता, समोरच्याला थोपवणारा. गेरोंदा रागावलेले नव्हते. ओळखीच्या माणसाकडे बघावं तसे ते त्या तळव्याकडे बघत होते.

आणि मेनेलाओसला एकदम आठवलं.

हीच खोली. हीच खिडकी. तेव्हा प्रश्न संपले होते, उत्तर एकही मिळालं नव्हतं, बोटीची वेळ झाली होती आणि त्याचं डोकं फिरलेलं होतं. चला, मिनिटभर शांतता घ्या आणि निघू, असं तो म्हणाला होता. सगळे गप्प झाले होते. कुणी काही विचारत नव्हतं, कुणी कुणाकडे बघत नव्हतं. आणि त्या मिनिटाच्या मध्यावर कोपऱ्यातून गेरोंदांचा आवाज आला होता...

"त्या रात्री बोटीत..."

आणि त्यानं हाच तळवा वर केला होता. "शू. शांतता चालू आहे."

त्याला आता फोतिनीसुद्धा दिसली. काठी धरून उभी, कानाला हेडफोन, आणि डोळे असे मोठे करून ती त्याच्याकडे बघत होती. तेव्हा त्याला वाटलं होतं, मुलगी दमली.

चाळीस वर्षं गप्प राहिलेला माणूस बोलायला लागला होता, आणि ह्यानं त्याला शांतता मुद्रित करण्यासाठी गप्प बसवलं होतं. आणि नंतर हे तो साफ विसरून गेला होता. ते महत्त्वाचं होतं, हे त्याला कधी कळलंच नव्हतं.

मिनिट केव्हाच उलटून गेलं होतं. मेनेलाओसनं हात खाली घेतला.

"तेव्हा..." त्याचा तो भरदार आवाज कुठल्या कुठे गेला होता. "तेव्हाही तुम्ही बोलायला लागला होतात."

"हो."

"आणि मी..."

"तुझं काम चाललं होतं." टोमणा नव्हता. जे झालं ते गेरोंदा सांगत होते.

"मी नंतर विचारलं होतं. काही म्हणत होतात का, म्हणून."

"विचारलंस. तिवई बॅगेत घालता घालता."

"मग तेव्हा सांगायचं होतं तुम्ही." मेनेलाओस उसळला. काय करणार, सवय. "पुन्हा सांगायला काय झालं होतं? एका शब्दानं म्हणाला असतात, तर मी बोट सोडून दिली असती. तो माहितीपट माझा झाला असता, गेरोंदा. माझा."

...

"पुन्हा तोंड उघडायला मला वेळ लागला, बाळा."

"किती वेळ?"

"ती आली तोवर."

मेनेलाओसनं हेडफोन काढून गळ्यात अडकवले. खाली बघत त्यानं विचारलं, "ती आली, तेव्हा तिनं काय विचारलं?"

"दारातच विचारलं. बॅगसुद्धा उतरवली नव्हती खांद्यावरून. म्हणाली, त्या दिवशी तुम्ही काय म्हणणार होतात?"

"एवढंच?"

"एवढंच."

"आणि तुम्ही लगेच सांगितलंत."

"छे. दोन दिवस ऑलिव्ह ठेचायला बसवलं तिला. निम्मी तिनं बीसकट चेचली. सिगारेटी ओढून खोलीभर धूर केला. कोंबड्यांना शिव्या दिल्या. माझे वाळवलेले अंजीर सगळे खाल्ले, विचारलंसुद्धा नाही."

हे ऐकून मेनेलाओसला थोडं बरं वाटलं. मग बरं वाटल्याची लाज वाटली. आणि मग एकदम ते व्यासपीठावरचं वाक्य आठवलं. ऐकायचं कसं, ते मी मेनेलाओसच्या हाताखाली शिकले. ती टोमणा मारत नव्हती. जे घडलं ते सांगत होती. टोमणा असता तर परवडला असता.

खालून बोटीचा भोंगा वाजला. बोट धक्क्याला लागत होती. सामान उतरवून, माणसं चढवून ती निघेपर्यंत उतार उतरून जायला वेळ पुरेसा होता, पण उठायला आताच हवं होतं.

"म्हणू का मग ते?" गेरोंदांनी विचारलं.

"काय?"

"तुझं वाक्य. तूच आधी आलास. साक्षीदार तुझा होता. चालू आहे ना यंत्र?"

लाल दिवा लागलेला होता. एक वाक्य. तेही खरं. उद्या दुपारी ते टेबलावर ठेवलं असतं, की फोतिनीचं बक्षीस परत गेलं असतं. पुन्हा कुणी 'तुमची ती' म्हणालं नसतं. लाम्ब्रोसची बहीण जे ऐकून उभी राहिली, ते टीव्हीवर देशभर कुणी ऐकलं नसतं, पण कायद्यानं बघितलं तर त्यात मेनेलाओसचा दोष निघाला नसता.

...

तो उठला. कॅमेऱ्याजवळ गेला. आणि दिवा बंद केला.

आता इथं असं म्हणावंसं वाटतं, की त्याचे डोळे उघडले, मन धुतलं गेलं, मत्सर जळून गेला. तसं काही झालं नाही. फोतिनीचं नाव आठवलं की पोटात दुखतच होतं. त्याला लाज वाटत होती, हे खरं. पण आणखी एक गोष्ट त्याच्या डोक्यात घर करून बसली होती, आणि ती सांगितली नाही तर त्याची फुकटच स्तुती होईल.

गेरोंदा मघाशी म्हणाले होते, त्या मुलाच्या पायात.

पायात काय, ते काही फोतिनीच्या माहितीपटात नव्हतं. मेनेलाओसला तो अख्खा पाठ होता. त्यात बोट होती, अंधार होता, अधिकाऱ्याचा कंदील होता, लाम्ब्रोसचा आवाज होता. पाय नव्हते.

म्हणजे अजून काहीतरी उरलं होतं. तिच्याकडे नसलेलं.

तेव्हा तो पश्चात्तापानं थांबला की हावरटपणानं, हे त्याचं त्यालाही धड सांगता आलं नसतं. थांबला मात्र. कॅमेरा बॅगेत घातला, तिवई मिटली, आणि दाराकडे न जाता गेरोंदांच्या समोर जमिनीवर मांडी घालून बसला. गुडघे कुरकुरले.

"बोट चुकेल तुझी," गेरोंदा म्हणाले.

"चुकू दे."

गेरोंदांनी दुसरा दगड पुढे सरकवला. मेनेलाओसनं ऑलिव्ह पाटावर ठेवलं आणि दगड हाणला. बीसकट चेंदामेंदा झाला, रस उडून शर्टावर आला.

"तिचंही पहिलं असंच गेलं," गेरोंदा म्हणाले.

हेही मेनेलाओसला आवडलं नाही. निदान ऑलिव्ह तरी त्याला तिच्यापेक्षा वेगळ्या तऱ्हेनं चेचायचं होतं. पण त्यानं दुसरं घेतलं.

टक्.

टक्.

भोंगा पुन्हा वाजला, ह्या वेळी लांबलचक. बोट धक्का सोडून निघाली. बराच वेळ तिच्या इंजिनाची घरघर येत राहिली, मग ती पातळ झाली, मग समुद्राच्या आवाजात कुठं मिसळली ते कळलं नाही. उद्याच्या सुनावणीत तक्रारदाराची खुर्ची रिकामी राहणार होती.

मेनेलाओसनं काही विचारलं नाही. विचारण्यासारखे शंभर प्रश्न त्याच्या जिभेवर आले. एकेक करून त्यानं ते गिळले. त्याच्या तीस-पस्तीस वर्षांच्या पत्रकारितेत एवढं अवघड काम त्यानं केलं नव्हतं. कपाळावर घाम आला.

...

सूर्य मावळतीला टेकला. खिडकीतलं समोरचं बेट आधी तांबूस दिसलं, मग करडं झालं. परातीतली ऑलिव्हं तळाला गेली. मेनेलाओसचा हात आता बरा बसत होता. चारातली तीन तरी शाबूत निघत होती.

...

गेरोंदांनी दगड खाली ठेवला. हात पुसले. ते खिडकीकडे बघत होते.

"त्या मुलाच्या पायात एकच बूट होता," ते म्हणाले.

मेनेलाओसचा हात हवेतच थांबला.

"दुसरा बूट..." गेरोंदांचा आवाज अगदी खाली गेला. "बोटीत चढताना तो मला म्हणाला..."

...

थांबायचं. नुसतं थांबायचं. हे मेनेलाओसला कळत होतं, स्वच्छ कळत होतं. त्यानं दात आवळले. ओठ मिटले. खाली बादलीत बघितलं. पण आत ती जी जळती बोच होती, ती काही केल्या गप्प बसेना. वर सरकत सरकत गळ्यापर्यंत आली, आणि त्याच्या नकळत तोंडातून बाहेर पडली.

"हे... हे तिला सांगितलंत?"

कोंबडी ओरडली. दाराची कडी हलली.

गेरोंदांनी सावकाश मान वळवली. त्याच्याकडे बघितलं. रागानं नाही, कीव करूनही नाही. मग त्यांनी आपला तळवा वर केला, अगदी त्याच्यासारखा, समोरच्याला थोपवणारा.

"शू," ते म्हणाले. "तुझं मिनिट अजून संपलेलं नाही."